घोड्यांचे धान्य, माणसांचे अन्न

डॉ. सॅम्युएल जॉन्सन यांनी लंडनमधील आपल्या घराच्या माळ्यावर बसून इंग्रजी भाषेचा जो प्रचंड कोश सिद्ध केला, तो १७५५ साली प्रसिद्ध झाला. कोशकाराने तटस्थ असावे, शब्दाचा अर्थ सांगावा आणि पुढल्या शब्दाकडे वळावे, असा सर्वसाधारण संकेत आहे. जॉन्सनसाहेबांना तो मानवला नाही. ‘ओट’ या धान्याचा अर्थ देताना त्यांनी इंग्लंडातील उपयोगापुढे घोड्यांचे नाव घातले आणि स्कॉटलंडातील उपयोगापुढे तेथील जनतेचे. गंमत अशी की, या कोशाच्या कामी त्यांच्या हाताखाली जे सहा लेखनिक होते, त्यांतील पाच जण स्कॉटलंडचेच होते. ती व्याख्या त्यांच्यापैकी कोणाला नकलावी लागली आणि नकलताना त्याच्या मनात काय आले, कोण जाणे!

पुढे १७७३ साली, वयाच्या चौसष्टाव्या वर्षी, जॉन्सन आपला चरित्रकार मित्र बॉझवेल याच्यासह स्कॉटलंडच्या यात्रेला निघाले. ॲबर्डीन येथे जेवताना त्यांच्यापुढे जव आणि वाटाणे घालून शिजविलेला मांसाचा रस्सा आला. तो त्यांनी एकामागून एक ताटल्या भरून खाल्ला, अशी नोंद बॉझवेलने करून ठेवली आहे. परत आल्यावर लिहिलेल्या प्रवासवृत्तात त्यांनी स्कॉटलंडातील सकाळच्या न्याहारीची मुक्तकंठाने वाहवा केली. कोशातील शब्द मात्र कोशात राहिला, आणि आज अडीचशे वर्षांनंतरही स्कॉटलंडच्या स्वयंपाकाचा विषय निघाला की प्रथम तोच आठवतो.

तथापि त्या थट्टेत एक सत्य होते. स्कॉटलंड ओटवर जगत होता, आणि त्याला कारण तेथील आभाळ. एडिंबरोच्या आसपासचा व पूर्व किनाऱ्यालगतचा कोरडा, सुपीक पट्टा सोडला, तर त्या देशात उन्हाळा थोडा, पाऊस फार आणि माती आंबट. गव्हाला पिकण्यासाठी जी ऊब लागते ती तेथे पुरेशी मिळत नाही. ओट मात्र थंडी सोसतो, ओल सोसतो आणि हलक्या जमिनीतही उभा राहतो. अशा देशात गव्हाचा पाव ही श्रीमंताची चैन व्हावी आणि ओटचे पीठ हे घरोघरचे अन्न व्हावे, यात नवल ते काय?

परंतु धान्य नुसते पिकून भागत नाही. पावसात कापलेला ओट ओलसरच घरी येतो. म्हणून दळण्यापूर्वी गिरणीच्या भट्टीवर तो वाळवावा लागे. जाळीदार जमिनीवर धान्य पसरायचे, खाली विस्तव ठेवायचा आणि वरून फावड्याने ते परतत राहायचे. नंतर पहिल्या जात्यावर टरफल सुटे, दुसऱ्यावर पीठ निघे. ही भट्टी ओलाव्यावरचा उपाय म्हणून आली खरी, पण तिच्यामुळेच स्कॉटलंडच्या पिठाला भाजक्या धान्याचा तो खमंग वास आला. आता तोच त्या पिठाचा खास गुण मानला जातो. पिठाचेही प्रकार असत. दाण्याचे दोनतीन तुकडे केलेली जाड कणी, मध्यम भरड आणि बारीक पीठ, असे ते प्रकार. वर्षाचे पीठ घरातल्या लाकडी कणगीत भरले जाई. त्यात हवा राहिली तर पीठ खवट होते. म्हणून पाय धुऊन पोरांना कणगीत उतरवीत आणि पीठ तुडवून घट्ट दाबून बसवीत. पोरांना हे काम केवढे आवडत असेल, ते सांगायला नको.

या पिठाचा सर्वांत प्रसिद्ध पदार्थ म्हणजे पॉरिज. उकळत्या पाण्यात डाव्या हाताने पीठ भुरभुरत सोडायचे आणि उजव्या हाताने ‘स्पर्टल’ नावाच्या लाकडी दांडीने, सूर्याच्या गतीच्या दिशेने, ढवळत राहायचे. अर्धा तास मंद विस्तवावर शिजले की मीठ घालायचे. साखर नव्हे. साखरेचे नाव काढले तर जुन्या वळणाचा स्कॉट माणूस पाहुण्याकडे कीव आल्यासारखा पाही. गरम पॉरिज एका वाडग्यात, थंड दूध वा साय दुसऱ्या वाडग्यात, आणि प्रत्येक चमचा आधी यात मग त्यात, अशी खाण्याची रीत होती. शिवाय पॉरिजविषयी तो एकवचनात बोलत नसे. ‘ते’ गरम आहेत, ‘ते’ निवले आहेत, असे म्हणे. जणू घरातल्या वडीलधाऱ्यांविषयीच बोलणे चालले आहे!

पॉरिजला वेळ लागतो. ज्याला तेवढी सवड नाही त्याच्यासाठी ‘ब्रोज’ असे. लाकडी वाडग्यात पीठ व मीठ घ्यायचे, वरून कढत पाणी ओतायचे, चमच्याच्या दांड्याने ढवळायचे आणि खायचे. ओटकेक म्हणजे तर सरळ सरळ भाकरीचीच बहीण. पीठ, मीठ, किंचित चरबी आणि गरम पाणी एवढ्यावर ती होते. पातळ लाटायची, चार पाऱ्या कापायच्या, तव्यावर एक बाजू भाजायची आणि दुसरी विस्तवासमोर उभी करून कडा वर वळेपर्यंत शेकायची. या लोखंडी तव्याला ‘गर्डल’ म्हणतात. फोर्थ नदीच्या खाडीवरील कूरस या गावच्या लोहारांना असे तवे घडविण्याची मक्तेदारी राजा सहावा जेम्स याने १५९९ साली बहाल केली होती. एका तव्यासाठी राजाला सनद काढावी लागते, यावरून त्या देशात तव्याची पत काय होती हे दिसते.

पण ओटच्या सगळ्या पदार्थांत अधिक विचार करायला लावणारा पदार्थ वेगळाच आहे, आणि त्याचे नाव आज स्कॉटलंडातही फार थोड्यांना ठाऊक असेल. त्याचे नाव ‘सोवन्स’. ओट दळल्यावर जी टरफले राहतात, त्यांना थोडे पीठ चिकटलेले असते. ते वाया जाऊ नये म्हणून टरफले पाण्यात घालून आठवडाभर भिजत ठेवीत. पाणी आंबे. मग ते गाळून स्थिर ठेवले की तळाशी पांढरा साका बसे आणि वर आंबट निवळ राही. निवळ प्यायची आणि साका मीठ घालून शिजवायचा. आंबील करणाऱ्या किंवा कुरडयांसाठी गव्हाचा चीक काढणाऱ्या गृहिणीला ही कृती निराळी समजावून सांगावी लागणार नाही. ईशान्य स्कॉटलंडात नाताळच्या आदल्या रात्रीला ‘सोवन्सची रात्र’ असेच नाव होते. फेकून देण्याच्या टरफलातून सणाचा पदार्थ करणारे लोक किती काटकसरी आणि किती गरीब असले पाहिजेत!

त्या गरिबीचे स्वरूप नीट समजून घेतल्यावाचून या स्वयंपाकाचे कौतुक करणे बरे नव्हे. ईशान्येकडील मोठ्या शेतांवर अविवाहित गडी ‘बॉथी’ नावाच्या एकखणी खोपटात राहत. त्यांच्या वेतनाचा काही भाग पैशांत आणि काही भाग ओटच्या पिठात मिळे. पीठ ‘बोल’ या मापाने मोजीत, आणि एक बोल म्हणजे १४० पौंड. चूल पेटवून स्वयंपाक करायला ना वेळ ना बाई. त्यामुळे सकाळी ब्रोज, दुपारी ब्रोज आणि रात्री पुन्हा ब्रोज. विद्यार्थ्यांचीही स्थिती फारशी निराळी नव्हती. एडिंबरो, ग्लासगो, सेंट अँड्र्यूज अशा विद्यापीठांत शेतकऱ्यांची मुले शिकावयास येत, ती पिठाची पिशवी खांद्यावर घेऊनच. सत्राच्या मध्यावर पिशवी रिती होई. म्हणून विद्यापीठे एका सोमवारी सुट्टी देत. घरी जावे आणि पीठ घेऊन यावे, एवढ्याचसाठी. या सुट्टीचे नावच ‘पिठाचा सोमवार’ पडले. पिठाची गरज संपल्यावरही कित्येक वर्षे ती सुट्टी चालू राहिली, आणि सुट्टी म्हटल्यावर विद्यार्थ्यांनी तिला हरकत घेण्याचे काही कारणही नव्हते.

मात्र १८४६ साली जे घडले त्याला हसता येणार नाही. उत्तर-पश्चिमेचे डोंगराळ प्रदेश व बेटे तोपर्यंत बटाट्यावर अवलंबून राहू लागली होती. जमीनदारांनी चांगली जमीन मेंढ्यांच्या कुरणांसाठी मोकळी करून घेतली होती आणि कुळांना किनाऱ्यालगतच्या खडकाळ तुकड्यांवर लोटले होते. तेवढ्या तुकड्यात कुटुंबाला पुरेल असे पीक एकच, बटाटा. त्या साली बटाट्यावर रोग पडला आणि पीक जमिनीतच कुजले. पूर्व किनाऱ्यावर ओटचे पीक होते, परंतु भाव चढल्यामुळे ते गलबतांत भरून दक्षिणेकडे रवाना होऊ लागले. १८४७ च्या हिवाळ्यात बर्गहेड, विक इत्यादी बंदरांत लोकांनी धान्याच्या गाड्या अडविल्या. लष्कर बोलाविले गेले. विक येथे सैनिकांनी गोळीबार केला व त्यात माणसे जखमी झाली. पश्चिमेकडे मदतमंडळांनी पीठ वाटले, पण फुकट नव्हे. रस्ते बांधण्याच्या दिवसभराच्या कामाला एक पौंड पीठ, अशी कसोटी पुढे लावण्यात आली. त्या रस्त्यांना तेथे अजून ‘दैन्याचे रस्ते’ म्हणतात, आणि आज त्यांवरून मोटारी धावतात. ओटच्या पिठाची ही बाजू पाककृतींच्या पुस्तकांत सहसा येत नाही.

ओटच्या जोडीला परसातली भाजी असे. केल ही कोबीच्या कुळातली, पण गड्डा न धरणारी पालेभाजी तेथल्या बर्फातही तग धरते. तिचा वाफा झोपडीमागे नाही असे घर नव्हते, आणि ‘केल’ या शब्दाचा अर्थच कालांतराने ‘जेवण’ असा झाला. मांस क्वचित. म्हणूनच मेंढा कापला की त्याचे काहीही टाकून देत नसत. त्यातूनच हॅगिस आले. मेंढ्याचे काळीज, यकृत व फुप्फुसे बारीक करायची, त्यांत ओटचे पीठ, चरबी, कांदा व मिरी घालायची आणि ते सर्व त्याच्याच पोटाच्या पिशवीत शिवून उकडायचे. रॉबर्ट बर्न्स या कवीने १७८६ साली हॅगिसला उद्देशून कविता लिहिली आणि या गरिबाच्या पदार्थाला राष्ट्रीय मान मिळवून दिला. आजही २५ जानेवारीला, बर्न्सच्या जन्मदिनी, तो वाजतगाजत मेजावर आणतात. पण हॅगिस मूळचे एकट्या स्कॉटलंडचे नव्हे. पंधराव्या शतकातील एका इंग्रजी पाकग्रंथात त्याची कृती आहे, आणि सतराव्या शतकातील इंग्रज लेखकालाही ते ठाऊक आहे. इंग्लंड ते विसरला, स्कॉटलंड विसरला नाही, एवढाच फरक. अनेक ‘राष्ट्रीय’ पदार्थांचा इतिहास असाच असतो, असे म्हटल्यास वावगे होणार नाही.

आता समुद्राकडे वळू. स्कॉटलंडच्या पूर्व किनाऱ्यावर हॅडॉक नावाची मासळी विपुल मिळे. ती टिकवायची तर धुरी हवी, आणि धुरी देण्याच्या रीती गावोगाव निराळ्या. ॲबर्डीनच्या दक्षिणेस फिंडन हे खेडे आहे. तेथे हॅडॉक उभा चिरून, मीठ लावून, दलदलीतल्या पीट नावाच्या इंधनाच्या थंड धुरावर टांगीत. थंड धुराने मासळी शिजत नाही, केवळ मुरते व पिवळसर होते. कलन या गावी अशीच धुरावलेली मासळी, बटाटा, कांदा व दूध यांचे जे दाट सूप करतात ते ‘कलन स्किंक’ या नावाने प्रसिद्ध आहे. आर्ब्रोथ येथील तऱ्हा याच्या उलट. तेथे मासळीचे डोके काढून, ती साफ करून, मिठात ठेवतात. मग शेपट्यांना सुतळी बांधून जोड्या करतात आणि काठीवर टाकून ओक किंवा बीच यांसारख्या कठीण लाकडाच्या विस्तवावर धरतात. वरून ओल्या गोणपाटाचे झाकण. तासाभरात मासळी त्या गरम, ओलसर धुरात शिजूनच निघते. बाहेरून तांबूस, आतून पांढरी.

आर्ब्रोथची ही कला मूळची तेथली नव्हे. किनाऱ्याने तीन मैलांवर उंच कड्याखाली ऑकमिथी नावाचे कोळ्यांचे गाव आहे, ती तेथली. एकोणिसाव्या शतकात तिथली कुटुंबे आर्ब्रोथला येऊन राहिली आणि येताना धुरी घेऊन आली. ऑकमिथीत धक्का नव्हता. होड्या उथळ पाण्यात उभ्या राहत, आणि पुरुषांचे पाय समुद्रावर निघण्याआधीच भिजू नयेत म्हणून बायका त्यांना पाठीवर घेऊन होडीपर्यंत पोचवीत. गळांना आमिष लावायचे त्यांनी, मासळी साफ करायची त्यांनी, धुरी द्यायची त्यांनी आणि पाठीवर करंडी घेऊन गावोगाव विकायचीही त्यांनीच. स्कॉटलंडचा स्वयंपाक म्हणून जो काही गौरविला जातो, त्याचा पाया अशा बायकांच्या पाठीवर आहे.

याच धुरावलेल्या हॅडॉकची गाठ पुढे हिंदुस्थानातल्या एका अत्यंत घरगुती पदार्थाशी पडली. कंपनी सरकारचे इंग्रज व स्कॉट नोकर येथे खिचडी खाण्यास शिकले. मायदेशी जाताना ती त्यांच्याबरोबर गेली. मात्र वाटेत तिच्यातली डाळ गळली आणि तिच्या जागी मासळी व उकडलेले अंडे आले. ‘केजरी’ या नावाने ती इलायझा ॲक्टन या लेखिकेच्या १८४५ सालच्या प्रसिद्ध पाकपुस्तकात हिंदुस्थानी न्याहारीचा पदार्थ म्हणून दिसते. फिंडनचा हॅडॉक घालून केलेली केजरी हा पुढे ब्रिटनमधील सुखवस्तू घरांच्या न्याहारीचा भाग झाला. आजारी माणसाचे पथ्य म्हणून जी खिचडी इकडे ओळखली जाते, ती तिकडे चांदीच्या भांड्यात वाढली गेली. पदार्थांचेही नशीब असते.

हिंदुस्थानचा दुसरा धागा कमी सुखद आहे. टे नदीच्या मुखावरील डंडी हे शहर एकोणिसाव्या शतकात बंगालच्या तागावर वाढले. तागाच्या गिरण्यांत बायकांना कमी मजुरीवर ठेवता येई, म्हणून तेथे बहुसंख्य कामगार बायकाच होत्या. पुष्कळ घरांत बाई गिरणीत आणि नवरा बेकार असे. अशा नवऱ्यांना गावात ‘किटली उकळणारे’ म्हणून हिणवीत. पहाटेच्या भोंग्याला गिरणीत हजर राहणारी बाई अर्धा तास उभी राहून पॉरिज कधी ढवळणार? त्याच सुमारास पोलादी रुळांच्या गिरण्यांतून निघालेले परदेशी गव्हाचे पांढरेशुभ्र पीठ स्वस्त झाले. १८७४ साली साखरेवरील जकात उठली आणि मुरंबाही स्वस्त झाला. पाव, मुरंबा आणि चहा! चूल नको, ढवळणे नको. शेकडो वर्षे टिकलेले ओट, दूध व केल यांचे जेवण शहरांतून दोन पिढ्यांत मागे पडले. ते कोणी हिसकावून घेतले नाही. भोंग्याच्या वेळेत ते बसले नाही, इतकेच.

परिणाम शरीरांवर दिसला. या प्रश्नाचा छडा लावण्यात एअरशरचे सुपुत्र जॉन बॉइड ऑर यांनी आयुष्य वेचले. ॲबर्डीनच्या रोवेट संशोधनसंस्थेत त्यांनी आहाराचा अभ्यास केला. शाळकरी मुलांना रोज दूध दिले तर त्यांची वाढ कशी सुधारते, हे स्कॉटलंडच्या शहरांत प्रयोग करून दाखविले. १९३६ साली ‘अन्न, आरोग्य व उत्पन्न’ या विषयावरील आपल्या ग्रंथात त्यांनी सिद्ध केले की, ब्रिटनसारख्या श्रीमंत देशातही लोकसंख्येच्या फार मोठ्या भागाला पुरेसे सकस अन्न विकत घेणे परवडत नाही. संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व शेती संघटनेचे ते पहिले प्रमुख झाले आणि १९४९ साली त्यांना शांततेचे नोबेल पारितोषिक मिळाले. आहारशास्त्रज्ञाला शांततेचे पारितोषिक देणाऱ्यांनी विक बंदराची हकीकत वाचली असेल वा नसेल, पण त्यांची दृष्टी अचूक होती.

जे शहरांतून गेले ते खेड्यांतूनही जाणार, हे एका बाईंच्या वेळीच ध्यानात आले. फ्लॉरेन्स मॅरियन मॅक्नील यांचा जन्म १८८५ साली ऑर्कनी बेटांवर एका धर्मोपदेशकाच्या घरी झाला. ग्लासगोच्या विद्यापीठात त्या शिकल्या, स्त्रियांच्या मताधिकाराच्या चळवळीत त्यांनी काम केले, आणि स्कॉट भाषेच्या राष्ट्रीय कोशाच्या कार्यातही त्यांचा वाटा होता. १९२९ साली त्यांचा ‘स्कॉट लोकांचे स्वयंपाकघर’ अशा अर्थाच्या नावाचा ग्रंथ प्रसिद्ध झाला. जुनी हस्तलिखिते, प्रवासवर्णने आणि मुख्य म्हणजे घरोघरच्या वृद्ध स्त्रिया यांच्याकडून त्यांनी कृती गोळा केल्या. पण नुसत्या कृती दिल्या नाहीत. शब्द कोठून आला, पदार्थ कोणत्या सणाला करतात, भांडे कोणते, इंधन कोणते, हे सर्व दिले. सोवन्सची कृती आज कोणाला हवी असेल तर ती या ग्रंथात मिळते. एका इंग्रज कोशकाराने ज्या धान्यावर दोन शब्दांत शेरा मारला, त्याला कोशाच्या कामातच मुरलेल्या एका स्कॉट बाईंनी पावणेदोनशे वर्षांनी हे सविस्तर उत्तर दिले, असे म्हणण्याचा मोह होतो. त्यांना स्वतःला उत्तर देण्यापेक्षा नोंद करण्याची घाई अधिक होती.

ती घाई अनाठायी नव्हती. ग्रंथ निघाल्याच्या पुढच्याच वर्षी, २९ ऑगस्ट १९३० रोजी, अटलांटिक महासागरातील सेंट किल्डा या बेटावरचे उरलेले ३६ रहिवासी, त्यांच्याच विनंतीवरून, कायमचे मुख्य भूमीवर हलविण्यात आले. समुद्रपक्ष्यांची अंडी व मांस, मेंढ्या आणि थोडे ओट व जव यांवर ती वस्ती शतकानुशतके जगली होती. निघण्यापूर्वी प्रत्येक घरात त्यांनी एक बायबल आणि ओटची लहानशी रास ठेवली, असे सांगतात.

इंग्लंडातही असाच प्रयत्न झाला. फ्लॉरेन्स व्हाइट यांनी १९२८ साली इंग्रजी लोकपाककलेसाठी एक संस्था काढली आणि १९३२ साली प्रांतोप्रांतीच्या कृतींचा संग्रह प्रसिद्ध केला. तो पाहिला म्हणजे जॉन्सनसाहेबांच्या व्याख्येतला दुसरा दोषही उघडा पडतो. ओट इंग्लंडातही माणसेच खात होती! यॉर्कशर व लँकेशर येथे ओटच्या पातळ, लवचिक पोळ्या कपड्यांसारख्या दोरीवर वाळत घालीत. स्टॅफर्डशर हा तर खुद्द जॉन्सन यांचा जन्मप्रांत. तेथे ओटच्या आंबवलेल्या पिठाचे मऊ, जाळीदार घावन आजही दुकानांतून गरम गरम विकले जातात. हिंदुस्थानातून परतलेल्या शिपायांनी इकडची पोळी डोळ्यांपुढे ठेवून ते शोधून काढले, अशी एक दंतकथा त्या भागात आहे. दंतकथा गोड आहे, पण ओटच्या पोळ्या त्या प्रांतात त्याहून जुन्या असाव्यात.

वेल्सचा एकच दाखला पुरे. तेथील किनाऱ्यावर खडकांना चिकटणारे ‘लेव्हर’ नावाचे काळपट समुद्रशेवाळ कित्येक तास शिजवून, ओटच्या पिठात घोळवून, तळून न्याहारीला खातात. याच वंशाच्या शेवाळाचा अभ्यास मँचेस्टर विद्यापीठातील कॅथलीन ड्र्यू या संशोधिकेने केला. जीवनचक्राच्या एका टप्प्यात हे शेवाळ शिंपल्यांच्या आत सूक्ष्म रूपाने वाढते, असे १९४९ साली त्यांनी दाखवून दिले. जपानात ‘नोरी’ या नावाने तेच शेवाळ खातात, आणि त्या सुमारास तेथील पीक बुडत चालले होते. ड्र्यू यांच्या शोधामुळे त्याची लागवड शास्त्रशुद्ध करता आली. जपानी मच्छीमारांनी १९६३ साली आरिआके समुद्राकाठी त्यांचे स्मारक उभारले. ड्र्यू यांनी जपान कधी पाहिला नव्हता, आणि स्मारक होण्यापूर्वीच १९५७ साली त्यांचे निधन झाले होते.

अलीकडच्या काळात स्थानिक पदार्थांच्या नावांना कायद्याचे संरक्षण मिळू लागले आहे. २००४ सालापासून आर्ब्रोथच्या आठ किलोमीटर परिसरात, पारंपरिक रीतीने धुरावलेल्या हॅडॉकलाच ‘आर्ब्रोथ स्मोकी’ म्हणता येते. कॉर्नवॉलच्या पेस्टीला हा हक्क २०११ साली मिळाला. युरोपीय संघातून बाहेर पडल्यावर ब्रिटनने २०२१ पासून स्वतःची अशी नोंदणी सुरू केली. कायद्याचे काही विनोदही आहेत. स्टिल्टन हे चीज तीन ठरावीक परगण्यांतच करता येते, आणि स्टिल्टन गाव त्या परगण्यांत नसल्यामुळे तेथे ते करता येत नाही! तरी हा कायदा उपयोगी आहे, यात शंका नाही. धुरी देणाऱ्या कुटुंबांचा धंदा त्यामुळे टिकला. पण कायदा विकाऊ मालाचे रक्षण करू शकतो, घरातल्या पदार्थाचे नव्हे. सोवन्सला नोंदणी नाही, कारण सोवन्स कोणी विकतच नाही.

पॉरिजचे तसे झाले नाही. कारब्रिज या डोंगरी गावात १९९४ पासून पॉरिज शिजविण्याची जागतिक स्पर्धा भरते. मुख्य स्पर्धेत ओटचे पीठ, पाणी व मीठ यांखेरीज काही घालावयाचे नाही, आणि बक्षीस म्हणून सोनेरी स्पर्टल मिळते. देशोदेशीचे लोक त्यासाठी येतात.

आणि ऑर्कनीत, मॅक्नीलबाईंच्या जन्मभूमीत, ‘बेअर’ नावाचा एक अतिप्राचीन जव अजून पिकतो. उत्तरेच्या लांबलचक दिवसांत तो मे महिन्यात पेरला की तीनेक महिन्यांत तयार होतो, म्हणून तेथल्या आखूड उन्हाळ्याला तोच मानवतो. विसाव्या शतकाच्या अखेरीस तो जवळजवळ नामशेष झाला होता. २००२ पासून तेथील महाविद्यालयाच्या कृषिसंशोधकांनी बियाणे, पेरणी व विक्री यांकडे लक्ष पुरवून शेतकऱ्यांना तो पुन्हा पेरावयास लावले. बर्से येथे १८७३ साली बांधलेली बॅरोनी गिरणी आहे. ओढ्याच्या पाण्यावर तिचे मोठे चाक आजही फिरते, हिवाळ्यात बेअर भट्टीवर वाळविला जातो आणि तीन जात्यांतून त्याचे राखट पिवळे पीठ निघते. बेटावरच्या भट्टीवाल्यांकडे ते जाते, आणि त्याचे बॅनक, म्हणजे तव्यावरचे जाड रोट, लोणी व स्थानिक चीज लावून घरोघरी खाल्ले जातात.